आक्काबरोबर ज्वालामुखीच्या बेटावर

मॉरिशसला माझ्याबरोबर खरं तर आमचे हे येणार होते. मुलगी तिथं एका हॉटेलच्या हिशेब विभागात नोकरीला लागली होती आणि फोनवर रोज 'कधी येताय' म्हणून धोशा लावत होती. जायचं ठरलं आणि नेमकं ह्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन निघालं. मी म्हटलं, जाऊ दे, पुढच्या वर्षी बघू. तर तेच म्हणाले, "तू आक्कांना घेऊन जा. त्या कुठं गेल्यात आजवर?"

आक्का म्हणजे माझी थोरली बहीण. आम्हा बहिणींत दोघीच उरलेल्या. मी शिकले, सोलापुरात भवानी पेठेतल्या एका प्राथमिक शाळेत शिक्षिका झाले आणि तिथूनच निवृत्त झाले. आक्काला जेऊरजवळच्या एका गावात दिली. दाजी जाऊन बरीच वर्षं झाली. मुलगा शेती बघतो आणि आक्का त्याच्यावर लक्ष ठेवते. मी फोन केला तेव्हा ती शेळ्यांना पाला टाकत होती. मॉरिशस कुठं आहे, किती लांब आहे, असलं काही तिनं विचारलं नाही. म्हणाली, "येती की. पण तितं लई थंडी असली तर मला आदीच सांग, मी घोंगडं घिऊन येती."

पासपोर्टसाठी चौकशीला आलेल्या पोलिसाला तिनं चहा पाजला, त्याच्या गावात आपली कोण कोण नाती आहेत ते काढलं आणि शेवटी तोच 'येतो मावशी' म्हणत सही घेऊन निघून गेला. आषाढात आम्ही निघालो. आपल्याकडं पावसाळा, तिकडं हिवाळा. घोंगडं मी आणू दिलं नाही, शाल आणायला लावली. नऊवारी लुगड्याखाली घालायला मुलीनं तिच्यासाठी पांढरे स्पोर्ट शूज घेऊन ठेवले होते. ते मात्र आक्काला इतके आवडले की घरातसुद्धा काढेना.

पहिले काही दिवस मुलीनं सुट्टी काढून आम्हाला समुद्र दाखवला. मग तिला कामावर जाणं भाग होतं. तिनं आमच्यासाठी दिवसभराची सहल ठरवली. छोटी गाडी, बरोबर गाईड, बेटाचा डोंगराळ भाग, ज्वालामुखीचं विवर, तलाव, रंगीत माती असं सगळं एका दिवसात दाखवणार. मला जरा धास्ती वाटत होती. परक्या लोकांत आक्का काय बोलेल, कुणाला काय विचारेल याचा नेम नाही. सकाळी मुलीनं बजावलं, "मावशी, गाईड सांगेल तसं वागायचं हं." आक्का म्हणाली, "मी काय शाळेत चाललीय व्हय?"

गाडी आली. आत एक म्हातारं फ्रेंच जोडपं होतं आणि मागच्या सीटवर नुकतंच लग्न झालेलं एक तेलुगू जोडपं, हैदराबादचं. गाडी चालवणारा आणि माहिती सांगणारा माणूस एकच. चाळिशीचा, सावळा, हसऱ्या चेहऱ्याचा. तो फ्रेंच जोडप्याशी फ्रेंच बोलत होता, आमच्याशी इंग्रजी. आक्का पुढं जाऊन खुशाल त्याच्या शेजारच्या सीटवर बसली आणि पट्टा हातात धरून मला म्हणाली, "ह्ये कुटं अडकवायचं गं?"

तो माणूस एकदम वळला. आमच्याकडं बघत, एकेक शब्द मोजून ठेवावा तसा म्हणाला, "नमस्कार. आपण महाराष्ट्रातून आलात काय? मीदेखील मराठी आहे."

मॉरिशसमध्ये मराठी लोक आहेत हे मुलीकडून ऐकलं होतं. ऊसमळ्यांवर मजुरी करायला शे-दीडशे वर्षांपूर्वी बोटीनं गेलेल्यांची ही पोरं-नातवंडं. पण असा समोर बसून कुणी बोलेल असं वाटलं नव्हतं. आक्काला मात्र त्यात काहीच विशेष वाटलं नाही. तिनं लगेच विचारलं, "मंग बरं झालं की. कुटल्या गावचं तुमी?"

त्याच्या चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं, पण डोळ्यांत काही उमटलं नाही. त्यानं आरशातून माझ्याकडं बघितलं. मी म्हटलं, "ती विचारतेय, आपण कोणत्या गावचे आहात."

"अच्छा," तो म्हणाला. "मी काळी नदी जिल्ह्यातील एका गावाचा रहिवासी आहे."

आता आक्का माझ्याकडं बघायला लागली. "काय म्हनतुया?"

तो मराठी शाळेत शिकला होता. घरात त्यांची बोली क्रिओल, म्हणजे फ्रेंच मोडून झालेली तिथली भाषा, शेजारात भोजपुरी. मराठी त्याच्या बालपणी पुस्तकातून आली आणि पुस्तकातलीच राहिली होती. र घशातून यायचा, पण एकही व्याकरणाची चूक नाही. आयुष्यभर मी वर्गात मुलांना 'हाय नाही, आहे म्हणायचं' असं शिकवत आले होते. मी शिकवलं तसं तंतोतंत बोलणारा माणूस मला निवृत्तीनंतर हिंदी महासागरात भेटला, आणि माझी बहीण काय बोलते ते मला त्याला मराठीतून मराठीत सांगावं लागत होतं.

गाडी चढ चढायला लागली तशी हवा गार झाली. पहिला थांबा विवराचा होता. एका गावाच्या वरच्या अंगाला गोल कड, कडेनं रस्ता, आणि मध्ये खोलगट भाग. पण धुकं इतकं होतं की कठड्यापलीकडं काही दिसेना. त्या तेलुगू मुलीनं मोठी झोकदार टोपी आणि पिवळा ड्रेस घातला होता, फोटोसाठीच असावा. तिचा चेहरा पडला. मी तिला तेलुगूतून म्हटलं, थांब जरा, निवळेल. ती दचकली. सोलापुरातल्या तेलुगू विणकरांच्या पोरांना शिकवता शिकवता माझी तेलुगू तयार झालेली. आमच्या पेठेत ती आल्याशिवाय आईबापांशी बोलताच येत नाही. मग ती मुलगी मला तिच्या लग्नाचं, सासूचं, विमानात हरवलेल्या बॅगेचं सगळं सांगायला लागली.

तेवढ्यात खरंच धुकं सरकलं. खाली हिरवीगार झाडी आणि तळाशी छोटंसं डबकं. गाईडनं हात पसरून सांगितलं, आधी इंग्रजीत, मग फ्रेंचमध्ये आणि शेवटी खास आक्कासाठी, "हे संपूर्ण बेट समुद्राच्या तळातून अग्नी बाहेर पडून निर्माण झाले आहे. हे त्या अग्नीचे मुख होय."

आक्का कठड्याला टेकून वाकून बघत होती. तिला जाळ बघायचा होता. सहल ठरल्यापासून ती त्याच्याबद्दल विचारत होती. "आमच्या गावच्या दगडाच्या खाणीत बी पावसाळ्यात असंच पानी साचतंय," ती म्हणाली. मग त्याला विचारलं, "इझला का मंग त्यो?"

मी सांगितलं, विझला का असं विचारतेय.

"नाही, मावशी. तो झोपला आहे."

आक्का कठड्यापासून मागं सरकली. "झोपलाय म्हंजी उठंल की," ती म्हणाली, आणि त्यानंतर तिथनं निघेपर्यंत ती माझ्याशी बारीक आवाजात बोलत राहिली. तिला त्यात काही गंमत वाटत नव्हती.

पुढं तलाव आला. तोही एका जुन्या विवरातच साचलेला, पण इथले लोक त्याला गंगा मानतात. काठाला देवळं, उंचच उंच शंकराची मूर्ती, घंटांचे आवाज. फ्रेंच बाईनं डोक्यावरून रुमाल घेतला. आक्कानं पाय धुतले, पाणी डोळ्यांना लावलं आणि एकेका देवळात जाऊन यायला लागली. मी पायरीवर बसून डबा उघडला. आक्कानं आदल्या दिवशी मुलीच्या स्वयंपाकघरात भाकरी थापल्या होत्या. गावाकडून आणलेलं पीठ मुलीनं विमानतळावर काय काय बोलून सोडवून घेतलं होतं. त्या भाकरीची चवड मी फडक्यातून काढते न काढते तोच देवळावरनं एक माकड आलं, चवड उचलली आणि भिंतीवर जाऊन बसलं. फ्रेंच बाई नवऱ्याला बिलगली. मी काठी शोधायला लागले. आक्का देवळातून बाहेर आली, वर बघितलं आणि म्हणाली, "खाऊ दे. आज शनवार हाय."

गाईडला मी याचा अर्थ सांगितला, शनिवार मारुतीचा वार म्हणून. त्याला ते माहीत होतं. पण एखाद्या माकडाला असं वारावरून सोडून द्यायचं असतं हे त्याला फार आवडलं. तो दिवसभर अधूनमधून ते आठवून हसत होता.

दुपारी रंगीत माती बघितली. लाल, जांभळे, पिवळसर उंचवटे, जणू कुणी गुलालाचे आणि हळदीचे ढीग ओतून वरून पाणी शिंपडलंय. त्याच राखेची, त्याच लाव्ह्याची माती, पण लोखंड कुठं कमी, कुठं जास्त म्हणून रंग वेगळे, असं गाईड सांगत होता. कडेनं लाकडी कठडा होता, आत पाय ठेवायला मनाई. ऊन छान पडलं होतं आणि पिवळ्या ड्रेसवाल्या मुलीला हवे तसे फोटो मिळाले. आक्कानं विचारलं, "हितं काय पिकतं?" काहीच उगवत नाही असं कळल्यावर तिचा उत्साह गेला. शेजारच्या आवारातल्या भल्यामोठ्या कासवांपाशी मात्र ती बराच वेळ उभी राहिली. त्यांचं वय ऐकून म्हणाली, "म्हंजी माझ्या सासूबाईपरास मोठी हायती."

तिथून गाडी घाट उतरून खाली आली. एका बाजूला समुद्र चमकत होता, आणि मग सपाट जमीन लागली. दोन्हीकडं ऊस. तोडणी चालू होती. काही ठिकाणी ट्रॅक्टर उभे, काही रानं मोकळी झालेली. आक्का ताठ बसली. "ऊसच बगायचा व्हता तर जेऊरातनं कशाला निगाली मी," असं ती म्हणाली खरी, पण नजर काही काढेना. पेरं किती लांब आहे, तुरा आलाय की नाही, पाणी कुठून देतात, सगळं ती मला विचारत होती आणि मी पुढं त्याला. फ्रेंच जोडपं डुलक्या घेत होतं.

मग तिला ते दगड दिसले. उसाच्या मधोमध काळ्या दगडांचे मोठमोठे ढीग. कडब्याची गंज रचावी तसे नीट रचलेले, काही तर दुमजली घराएवढे, त्यांच्यावर झाडं उगवलेली. एक गेला, दुसरा गेला, तिसरा आला. आक्कानं विचारलं ते काय आहे. गाईड म्हणाला, ते शेतातून काढलेले दगड आहेत.

"कुनी काडलं?"

हे त्याला थेट कळलं. "आमच्या पूर्वजांनी," तो म्हणाला.

"गाडी थांबवा," आक्का म्हणाली.

मी म्हटलं, "आक्का, अगं इथं थांबायचं ठरलेलं नाही. बाकीच्यांना उशीर होईल." माझं बोलणं पुरं व्हायच्या आत त्यानं गाडी रस्त्याकडेला घेतली होती. आक्का उतरली. नांगरलेल्या रानातून, पांढऱ्या बुटांनी, लुगडं वर धरून सरळ त्या ढिगाकडं चालायला लागली. तिच्या मागं गाईड, त्याच्या मागं मी. फ्रेंच म्हातारा कॅमेरा घेऊन आमच्या मागून आला.

ढिगापाशी जाऊन तिनं एका दगडावर हात ठेवला. काळा, बारीक बारीक भोकं असलेला दगड. आपल्याकडच्या माळावर पायाखाली येतो तसलाच. मग ती बोलायला लागली. मला माहीत असलेलीच गोष्ट होती, पण तिच्या तोंडून इतकी सलग मी कधी ऐकली नव्हती. लग्न होऊन आली तेव्हा सासरची जमीन म्हणजे नुसता माळ होता. वाटणीत दाजींच्या वाट्याला सगळ्यांत वाईट तुकडा आला होता. ती आणि दाजी सकाळी उठून दगड वेचायचे. लहान दगड पाटीत, मोठे पहारीनं उचकटून दोघांनी ढकलत बांधावर. वेचावं तेवढं खालून आणखी वर यायचं. थोरला मुलगा त्याच बांधावर झोळीत झोपायचा. पुढं धरणाचं पाणी आलं, ऊस लागला, लोक म्हणायला लागले तुमचं रान किती भारी. ती हे सांगत होती आणि मी तुकड्या-तुकड्यानं त्याला सांगत होते. काही शब्दांवर मीच अडले. पहारीला पुस्तकी मराठीत काय म्हणतात ते मला आठवेना. मी हातानं दाखवलं. त्यानं मान हलवली.

मग त्यानं त्याचं सांगितलं. पणजोबांचे वडील मुंबईहून बोटीनं आले. त्यांचं गाव कोणतं, घाटावरचं की कोकणातलं, घरात कुणालाच माहीत नाही. या रानात त्यांनी आणि त्यांच्या मुलांनी दगड उचलले.

"रान कुनाचं हुतं?" आक्कानं विचारलं.

"मालकाचे. साखर कारखान्याच्या मालकाचे."

"म्हंजी दगडं येचली तुमी, आन् ऊस दुसऱ्याचा," आक्का म्हणाली.

मी तोंड उघडलं, पण त्यानं हात करून थांबवलं. त्याला समजलं होतं. तो म्हणाला, "होय, मावशी. पण आता हा तुकडा आमचा आहे." आणि ढीग होता त्या पट्टीकडं बोट केलं. त्याच्या आजोबांनी ती विकत घेतली होती, आता धाकटा भाऊ करतो. हल्ली यंत्रं आणून लोक हे ढीग फोडतात, खडी करतात. त्याच्या भावानं हा एवढा ढीग फोडू दिला नाही. आक्कानं तो ढीग पुन्हा एकदा वरपासून खालपर्यंत बघितला आणि म्हणाली, "रचलाय मातर झ्याक." तिच्याकडून कामाची एवढी तारीफ मी क्वचितच ऐकलीय.

आम्ही परत आलो तर गाडी एका अंगाला झुकलेली. रस्त्याकडेची माती पाटाच्या पाण्यानं भिजलेली होती आणि मागचं चाक खोल रुतलं होतं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आमच्यामुळं सगळ्यांची खोटी. मी इंग्रजीत, तेलुगूत, येत नव्हती त्या फ्रेंचमध्येसुद्धा हातवारे करून माफी मागत सुटले. आक्का माफी वगैरेच्या भानगडीत पडली नाही. ती तोडलेल्या उसाच्या रानात शिरून उसाच्या वाळल्या पाल्याची, पाचटाची, कवळ भरून घेऊन आली. समोरून गाईडही कवळ घेऊनच येत होता. दोघं चाकापाशी एकदमच पोचले.

"पाचट," आक्का हातातल्याकडं बोट दाखवून म्हणाली.

"लापाय," तो त्याच्या क्रिओलमध्ये म्हणाला.

"लापाय," आक्का म्हणाली. "बरं हाय."

पाचट चाकाखाली कोंबलं. गाईड गाडीत बसला, नवरदेव आणि फ्रेंच म्हातारा मागून ढकलायला लागले. चाक फिरलं, गाडी हलली नाही, आणि नवरदेव डोक्यापासून कमरेपर्यंत चिखलानं माखला. मग त्याची बायकोच हसायला लागली. टोपी हातात धरून, वाकून वाकून हसत होती. त्यानंही हसून तिच्या पिवळ्या ड्रेसला हात पुसायला धाव घेतली. माझ्या जिवात जीव आला.

गाईडनं भावाला फोन लावला. भाऊ ट्रॅक्टर घेऊन येणार होता, पण हातातला ऊस भरून झाल्यावर. तोवर इथं उन्हात कशाला थांबायचं, समोरच आमचे घर आहे, चहा घ्यावा, असं तो म्हणाला. रानापलीकडं दोन-तीन पत्र्याची घरं दिसत होती. आम्ही सगळे बांधावरून एकामागं एक निघालो. फ्रेंच बाईनं तिच्या पायातल्या नाजूक सपाता काढून हातात घेतल्या.

त्याची आई ओसरीवर बसली होती. आक्काच्याच वयाची असेल, किंवा थोडी मोठी. गुडघ्याखालपर्यंत फुलाफुलांचा झगा, पांढरे केस मागं बांधलेले, कपाळावर ठसठशीत कुंकू. गाईडनं क्रिओलमध्ये काहीतरी सांगितलं. मला त्यातला 'सोलापूर' एवढाच शब्द कळला, आणि तोही विचित्र ऐकू आला. म्हातारी उठली. आक्काकडं बघत बघत तिच्याभोवती एक फेरी मारली आणि मागं जाऊन थांबली. मग वाकून आक्काचा कासोटा बोटात धरून बघितला, कसा खोचलाय, कुठून आलाय. मी गोंधळले. आक्का अजिबात हलली नाही, उलट नीट दिसावं म्हणून जरा वळली. म्हातारी भराभर काहीतरी बोलायला लागली आणि बोलताना हसत होती, डोळे पुसत होती. मुलानं सांगितलं, "आईची आजी असे लुगडे नेसत असे. आई लहान असताना तिला मागून धरून चालायची."

आक्का म्हणाली, "सांग तिला, नेसवून दावीन म्हनावं."

चहा आला, डाळीचे छोटे तिखट वडे आले. भाकरी माकडानं नेली होती, पण शेंगाच्या चटणीची पुडी माझ्या पिशवीत शिल्लक होती. ती आक्कानं वड्यांशेजारी ओतली. नवरदेवानं आंघोळीला जायच्या आधी एक घास घेतला आणि परत आल्यावर दुसरा. फ्रेंच बाईनं चिमूटभर तोंडात टाकली, लाल झाली, पाणी प्याली आणि पुन्हा घेतली. म्हातारीनं तर पुडीच जवळ ओढली.

ती बसली होती तिथं शेजारी कापडाच्या तुकड्यांचा मोठा ढिगारा होता. जुन्या कपड्यांचे रंगीत चौकोन, त्रिकोण, काही एकमेकांना जोडलेले, बाकीचे टोपलीत. आक्कानं ते मांडीवर घेतलं, उलटं करून टाके बघितले. "ही वाकळ हाय की," ती मला म्हणाली. खरंच, आमची आई शिवायची तशीच वाकळ. फक्त आतलं अस्तर जाड आणि टाका जरा वेगळा. म्हातारीनं आनंदानं टोपली पुढं सरकवली, सुई दिली आणि खुणेनं सांगितलं, घाल की टाके. पण सुईत दोरा नव्हता. म्हातारीनं दोरा तोंडात भिजवून चारदा प्रयत्न केला. मग आक्कानं केला. सुई उन्हाकडं धरून, एक डोळा मिटून. दोघींनाही जमेना. माझा चष्मा गाडीत राहिला होता. पिवळ्या ड्रेसवाली मुलगी इतका वेळ वड्यांवर ताव मारत होती. तिनं बोटं पुसली, सुई घेतली आणि पहिल्या झटक्यात ओवून दिली. मग त्या दोघींनी तिच्याकडून टोपलीतल्या होत्या नव्हत्या तेवढ्या सगळ्या सुया ओवून घेतल्या आणि एका गादीला ओळीनं टोचून ठेवल्या, तिच्या माघारी अडायला नको म्हणून.

ट्रॅक्टर आला तेव्हा दिवस कलायला लागला होता. राहिलेला धबधबा आणि समुद्रावरचा सूर्यास्त आता होणार नाही म्हणून गाईड सगळ्यांची माफी मागायला लागला. फ्रेंच म्हाताऱ्यानं त्याला थांबवलं. तो काय म्हणाला ते गाईडनं आम्हाला मराठीत सांगितलं, "धबधबा पुढच्या वर्षीही पडत राहील, असे हे म्हणत आहेत." निघताना आक्कानं म्हातारीचा हात धरला आणि आपल्या भाषेत काहीबाही सांगितलं. तिनंही तिच्या भाषेत. भाषांतर करायला या वेळी आम्हा दोघांनाही कुणी विचारलं नाही.

घरी पोचलो तेव्हा मुलगी दारातच उभी होती, काळजीनं चेहरा एवढासा झालेला. आक्काचे पांढरे बूट आता तांबडे-काळे झाले होते. ती म्हणाली, "लई चांगला हाय गं तुमचा गाईड. पोरगं शिकलंय पन मऊ हाय."

आमचा अजून आठवडाभर मुक्काम होता. मुलीनं समुद्रातल्या बोटीचं, काचेच्या तळातून मासे बघायचं ठरवलं होतं. आक्का म्हणाली, मी न्हाय येत, मला त्या बाईकडं सोडा, मी लुगडं नेसवायचं कबूल केलंय. सोडलं. संध्याकाळी आणायला गेलो तर म्हातारी आक्काचं हिरवं लुगडं नेसून अंगणात मिरवत होती, शेजारच्या बायका बघायला जमल्या होत्या. दुसऱ्या दिवशी आक्का पुन्हा गेली. तिसऱ्या दिवशीही. गाईड सहली घेऊन फिरत असायचा, घरात या दोघीच. मी रोज समुद्रावर गेले, काचेतून मासे बघितले, पाण्यात उतरले, आणि मला फार मजा आली.

परत निघायच्या आदल्या रात्री सामान भरताना मी तिला विचारलं, "तुम्हा दोघींना एकमेकींची भाषा येत नाही, मग दिवस दिवस बोलत काय होता?"

"सुनांचं," आक्का म्हणाली.

"पण तुला कळत होतं ती काय म्हणतेय ते?"

"त्यात काय कळायचंय," ती म्हणाली आणि माझ्या बॅगेवर गुडघा देऊन चेन ओढायला लागली. बॅग मिटेना. आत मी घेतलेल्या वस्तू होत्या, मुलीनं दिलेल्या होत्या आणि सगळ्यांत वर म्हातारीनं दिलेला वाकळीचा एक अर्धवट तुकडा, बाकीचा तू पुरा कर म्हणून. आक्का म्हणाली, बाकी काही राहिलं तरी चालेल, ह्ये मातर विमानात माझ्या मांडीवर राहील. आणि तो तिनं तसाच मांडीवर घेऊन मुंबईपर्यंत आणला. वाटेत शेजारच्या बाईला टाकाही शिकवला.